अक्षरांची मध्यरेषा

उज्जैन शहरावरून एक रेषा गेलेली आहे. महाकालाच्या कळसावर ती कोठे कोरलेली नाही, की क्षिप्रेच्या घाटावर आखलेली नाही. पण प्राचीन भारतीय गणकांच्या ग्रंथांत तिला जे स्थान आहे ते दुसऱ्या कोणत्याही रेषेला नाही. लंका, रोहितक, अवंती आणि कुरुक्षेत्र ह्यांना जोडणारी मध्यरेषा म्हणून सूर्यसिद्धान्त तिचा निर्देश करतो. इसवी सन ५०५ हा आरंभकाल धरून पंचसिद्धान्तिका रचणारा वराहमिहिर ह्याच अवंतीचा. ग्रहांचे गणित प्रथम ह्या रेषेसाठी करावयाचे, आणि मग आपले गाव तिच्या पूर्वेस वा पश्चिमेस किती दूर आहे हे पाहून त्यास देशान्तराचा संस्कार द्यावयाचा, अशी रीत होती. आजच्या मापाने सांगावयाचे तर पुण्याचा स्थानिक काल उज्जैनच्या सुमारे आठ मिनिटे मागे पडतो, आणि कलकत्त्याचा सुमारे पन्नास मिनिटे पुढे असतो. गावोगावचे सूर्योदय आपापल्या वेळी होत राहिले. पण त्यांचे गणित एक झाले.

ह्या युक्तीचे मर्म ध्यानात घेण्याजोगे आहे. स्थानिक भेद पुसून टाकावयाचे नाहीत, परंतु ते सारे एकाच पायावरून मोजावयाचे, हे ते मर्म होय. विसाव्या शतकाच्या अखेरच्या चरणात, वैयक्तिक संगणक जेव्हा कचेऱ्यांच्या मेजांवर येऊन बसू लागला, तेव्हा भारतीय अक्षरांनाही अशाच एका मध्यरेषेची गरज उत्पन्न झाली. ज्या अभियंत्यांनी ती रेषा आखली त्यांत मोहन तांबे हे नाव अग्रभागी येते. उज्जैनच्या बाजारात आज कोणी हातातल्या फोनवर देवनागरीत चार ओळी लिहितो तेव्हा त्या नावाची आठवण होण्याचे त्याला कारण पडत नाही. मात्र त्याच्या अक्षरांचा क्रम आणि त्यांची साठवण ज्या तत्त्वावर चालते, त्या तत्त्वाला यंत्रात प्रत्यक्ष उतरविण्याचे श्रेय मोठ्या अंशाने तांबे ह्यांच्याकडे जाते.

हे कार्य किती अवघड होते ते समजण्यासाठी थोडे मागे जावे लागेल. देवनागरी आणि यंत्र ह्यांचे भांडण जुने आहे. टंकलेखन यंत्रावर शंभराच्या आतली चिन्हे बसणार, आणि देवनागरीत तर अक्षराला अक्षर जोडले की तिसरेच रूप तयार होते. मात्रा कधी वर, कधी खाली, कधी मागे, कधी पुढे. तेव्हा यंत्राच्या सोयीसाठी लिपीच थोडी बदलावी, असे पुष्कळांना वाटले, आणि तसे वाटणारी माणसे सामान्य नव्हती. स्वातंत्र्यवीर सावरकरांनी अ-च्या बाराखडीचा हिरिरीने पुरस्कार केला. १९५३ साली लखनौ येथे भरलेल्या लिपिसुधार परिषदेने तर ऱ्हस्व इकाराची वेलांटी अक्षराच्या डावीकडून उचलून उजवीकडे ठेवावी असे ठरविले. लोकांच्या डोळ्यांना ते रुचले नाही, आणि चार वर्षांतच तो निर्णय मागे घ्यावा लागला. लिपी बदलण्याचा मार्ग अशा रीतीने बंद झाला. आता एकच वाट उरली होती. लिपी जशी आहे तशी मान्य करून यंत्रालाच शहाणे करावयाचे.

पण यंत्र शहाणे नव्हते. १९६३ साली अमेरिकेत संगणकासाठी अक्षरांचे जे संकेत ठरले, त्यांत जागा होत्या अवघ्या १२८. आणि त्या इंग्रजी वर्णमाला, अंक व विरामचिन्हे ह्यांनी व्यापलेल्या होत्या. १२ ऑगस्ट १९८१ रोजी आय. बी. एम. कंपनीने आपला वैयक्तिक संगणक बाजारात आणला. त्याच्या पडद्यावर पंचवीस ओळी, ओळीत ऐंशी घरे, आणि प्रत्येक घरात २५६ ठराविक आकृत्यांपैकी एक, अशी व्यवस्था होती. शेजारचे अक्षर कोणते आहे ह्याची कोणत्याही घराला दाद नव्हती. इंग्रजीला तेवढे पुरते. कारण त्या लिपीत ‘ए’ हे अक्षर ‘बी’च्या शेजारी बसले म्हणून आपले रूप पालटत नाही. देवनागरीत मात्र ‘क’ला ‘ष’ भेटला की दोघेही आपली ओळख टाकून ‘क्ष’ होतात. अशा यंत्रापुढे देवनागरी म्हणजे घरात न मावणारा पाहुणाच होता.

ह्या प्रश्नाचा पद्धतशीर विचार कानपूरच्या आय. आय. टी.मध्ये चालू होता. प्राध्यापक आर. एम. के. सिन्हा ह्यांच्या नेतृत्वाखाली तेथे देवनागरी संगणकाचा एक नमुना सिद्ध झाला, आणि १९८३ साली दिल्लीला भरलेल्या तिसऱ्या विश्व हिंदी संमेलनात तो लोकांपुढे मांडण्यात आला. कानपूरच्या ह्याच परिसरात मोहन तांबे ह्यांचे काम आकारास आले. पुढे ‘जिस्ट’ ह्या नावाने जे तंत्र प्रसिद्धी पावले त्याचे ते प्रमुख शिल्पकार. ‘ग्राफिक्स अँड इंटेलिजन्स बेस्ड स्क्रिप्ट टेक्नॉलॉजी’ असे त्या नावाचे पुढे ठरलेले पूर्ण रूप. आकृती आणि बुद्धी ह्यांच्या आधारे चालणारे लिपितंत्र, असा त्याचा अर्थ. ह्या लांबलचक नावातला ‘बुद्धी’ हा शब्द महत्त्वाचा आहे. कारण सारा डाव त्याच शब्दावर खेळलेला होता.

तो डाव कोणता, हे एका शब्दाच्या उदाहरणाने स्पष्ट होईल. उज्जैनच्या नदीचेच नाव घेऊ. ‘क्षिप्रा’ हा शब्द कागदावर पाहिला तर आधी वेलांटी दिसते, मग क्ष, मग प्र आणि त्याचा काना. टंकलेखक हा शब्द ह्याच क्रमाने, म्हणजे डोळ्यांना दिसतो त्या क्रमाने छापी. पण तोंडाने तो उच्चारून पाहा. आधी क, मग त्याला चिकटलेला ष, मग इकार. त्यानंतर प, त्याला जोडलेला र, आणि शेवटी आकार. संगणकाने ह्यांपैकी काय लक्षात ठेवावयाचे, दिसणारे चित्र की उच्चारला जाणारा वर्ण? जिस्टचे उत्तर निःसंदिग्ध होते. स्मृतीत वर्ण ठेवावयाचे आणि चित्र यंत्राने काढावयाचे. क, हलन्त, ष, इकार, प, हलन्त, र, आकार अशी आठ चिन्हे उच्चाराच्या क्रमाने साठविली जातील. त्यांतून क्ष केव्हा करावयाचा, वेलांटी उचलून मागे कोठे न्यावयाची, र-ला प-च्या पोटात कसा बसवावयाचा, ही सारी अक्कल यंत्राची. लिहिणाऱ्याने ती चिंता वाहावयाची नाही.

वरवर पाहता ही केवळ सोयीची गोष्ट वाटेल. वस्तुतः तीत फार मोठा निर्णय दडलेला होता. जे साठविलेले असते तेच शोधता येते, तेच अकारविल्हे लावता येते, तेच दुसऱ्या यंत्राकडे पाठविता येते. चित्र साठविले तर पुढच्या पिढीच्या हाती चित्रेच लागतील. वर्ण साठविले तर भाषा लागेल. पाणिनीच्या आधीपासून ह्या देशात वर्णांचा विचार उच्चारस्थानांना धरून झालेला आहे. कंठ्य, तालव्य, मूर्धन्य, दंत्य, ओष्ठ्य ही मांडणी मुलांना शाळेत पाठ असते. तांबे आणि त्यांचे सहकारी ह्यांनी ती मांडणी शाळेच्या भिंतीवरून उचलली आणि संगणकाच्या पोटात नेऊन ठेवली.

कळफलकाच्या बाबतीतही हीच दृष्टी दिसते. १९८६ साली केंद्र शासनाच्या इलेक्ट्रॉनिक्स विभागाने मान्य केलेली ‘इन्स्क्रिप्ट’ ही रचना अशी, की डाव्या हाताखाली स्वर आणि उजव्या हाताखाली बहुतेक व्यंजने. साध्या दाबाने मात्रा उमटते, आणि वरची कळ धरून तीच कळ दाबली की पूर्ण स्वर येतो. ‘क’च्याच कळेवर ‘ख’, ‘ग’च्या कळेवर ‘घ’, ‘त’च्या कळेवर ‘थ’, ‘प’च्या कळेवर ‘फ’. अल्पप्राण खाली आणि महाप्राण वर. ज्याला बाराखडी येते त्याने ही रचना थोड्या दिवसांत आत्मसात करावी, अशी अपेक्षा होती. ज्यांचे हात जुन्या टंकयंत्रावर वर्षानुवर्षे बसलेले होते त्यांना ती परकी वाटली, आणि पुष्कळ कचेऱ्यांनी जुनीच रचना पुढे चालू ठेवली, हेही येथे सांगितले पाहिजे. हाताची सवय ही बुद्धीच्या युक्तिवादाला सहसा दाद देत नाही.

मार्च १९८८मध्ये पुण्यात सी-डॅक ही संस्था स्थापन झाली. अमेरिकेकडून महासंगणक मिळण्यात अडचणी आल्या, तेव्हा तो आपणच बांधावा ह्या ईर्ष्येतून तिचा जन्म. डॉ. विजय भटकर तिचे प्रमुख होते, आणि १९९१ साली ‘परम ८०००’ सिद्ध करून संस्थेने आपला शब्द खरा केला. साऱ्या देशाचे डोळे त्या महासंगणकाकडे लागलेले असताना, त्याच संस्थेत कानपूरहून आलेले जिस्टचे काम तांबे ह्यांच्या नेतृत्वाखाली चालू होते. एकीकडे अब्जावधी आकडेमोडींचे यंत्र, आणि दुसरीकडे वैयक्तिक संगणकाच्या खाचेत बसवावयाचे एक लहानसे कार्ड. पहिल्याची वार्ता वृत्तपत्रांच्या पहिल्या पानावर आली. दुसऱ्याचे महत्त्व कळण्यासाठी हिंदीत वा मराठीत रोज कागद लिहिणाऱ्या कारकुनाच्या शेजारी बसावयास हवे होते.

त्या कार्डाची करामत अशी, की संगणकावर आधीपासून असलेले इंग्रजी कार्यक्रम बदलावे लागत नसत. पत्रे लिहिण्याचा वर्डस्टार असो की नोंदी ठेवण्याचा डीबेस असो, त्या बिचाऱ्यांना आपण इंग्रजीच हाताळत आहोत असे वाटे. इंग्रजीची १२८ घरे जागच्या जागी ठेवून वरच्या १२८ घरांत भारतीय वर्ण बसविलेले होते, आणि त्या वर्णांची जुळणी करून पडद्यावर योग्य अक्षर काढण्याचे काम कार्ड परस्पर उरकी. कार्यक्रम लिहिणारा अमेरिकेत होता. त्याला देवनागरीचा गंधही नव्हता. तरी त्याच्या कार्यक्रमात नावे, गावे, खातेनोंदी देवनागरीत भरता येऊ लागल्या. वैयक्तिक संगणकाच्या इतिहासात अशी उदाहरणे थोडी आहेत, की जेथे यंत्राच्या मूळ कर्त्याची अनुमती न घेता, त्याच्या कामात ढवळाढवळही न करता, एका अभियंत्याने यंत्राला सर्वस्वी नवी भाषा शिकविली.

आता मध्यरेषेच्या गोष्टीकडे वळता येईल. जिस्टने हे वर्ण एका लिपीपुरते ठेवले नाहीत. देवनागरी, बंगाली, गुरुमुखी, गुजराती, ओडिया, तमिळ, तेलुगू, कन्नड, मल्याळम् ह्या साऱ्या लिप्या ब्राह्मीच्या कुळातल्या. त्यांचे आकार निराळे, पण वर्णांचा सांगाडा एक. मग प्रत्येकीसाठी निराळा संकेत कशाला? ‘क’ ह्या ध्वनीला एकच क्रमांक द्यावा, आणि तो कोणत्या लिपीत काढावयाचा ते मागाहून सांगावे. कळ फिरविली की देवनागरीतले नाव तेलुगूत दिसे, तेलुगूतले बंगालीत. गणित एका रेषेवर, आणि लिपी म्हणजे देशान्तराचा संस्कार! जुन्या उज्जयिनीच्या गणकाला ही कल्पना समजावून सांगण्यास फारसे सायास पडले नसते.

उज्जैनपुरते बोलावयाचे तर ह्या योजनेचा कस आणखी एका ठिकाणी लागत होता. १८१०मध्ये दौलतरावांनी राजधानी ग्वाल्हेरला नेईपर्यंत हे शिंद्यांचे मुख्य ठाणे होते. त्या काळापासून मराठी कुटुंबे येथे नांदत आली आहेत. शहराचा व्यवहार हिंदीत, घरातले बोलणे मराठीत, आणि लिपी दोहोंची एकच. पण ती खरोखर एकच आहे काय? मराठी ‘ल’ आणि ‘श’ ह्यांची वळणे हिंदीहून निराळी. ‘ळ’वाचून मराठीचे पान हलत नाही. ‘आचार्य’मधला र-कार डोक्यावर चढतो, तर ‘दऱ्या’मधला र-कार आडवा होऊन पुढच्या अक्षराला बिलगतो, आणि ह्या दोहोंत गल्लत झाली की अर्थाचाच अनर्थ होतो. नव्या संकेतात ‘ळ’ला स्वतःचे घर मिळाले, ‘ल’ आणि ‘श’ ह्यांच्या वळणांचा प्रश्न साठवणीतून काढून टंकाकडे सोपविला गेला, आणि ‘दऱ्या’मधल्या आडव्या र-कारासाठी नुक्ता असलेल्या ‘ऱ’ला हलन्त जोडण्याची वाट ठरली. हिंदी पत्र आणि मराठी पत्र एकाच यंत्रावर, दोहोंचा मान राखून, लिहिण्याची सोय झाली.

१९९१ साली भारतीय मानक ब्यूरोने ही व्यवस्था ‘इस्की’ ह्या नावाने, आय. एस. १३१९४ ह्या क्रमांकाखाली, राष्ट्रीय मानक म्हणून प्रसिद्ध केली. अशी मानके एकट्याची नसतात. समित्या, भाषातज्ज्ञ, शासकीय अधिकारी आणि अनेक अभियंते ह्यांचे हात त्यांना लागलेले असतात. तथापि मानक कागदावर येण्यापूर्वी ते चालते हे कोणी तरी दाखवावे लागते. जिस्टने ते दाखविले होते.

ह्या योजनेला विरोध झालाच नाही असे मात्र नाही. तमिळमध्ये जोडाक्षरांचा पसारा जवळजवळ नाहीच. तेव्हा देवनागरीच्या गरजांवर बेतलेली चौकट आपल्या लिपीवर का लादावी, असा प्रश्न तमिळ विद्वानांनी विचारला, आणि २०१०मध्ये तमिळनाडू शासनाने आपली निराळी संकेतरचनाही मान्य केली. हा आक्षेप बिनबुडाचा म्हणता येणार नाही. मध्यरेषा कोठून तरी जावी लागते, आणि जिच्या दारावरून ती जात नाही तिला चार पावले अधिक चालावे लागते.

दुसरा विरोध विचारांतून आला नाही, व्यवहारातून आला. आणि तोच अधिक महाग पडला. १९९०नंतर संगणकावर पुस्तके आणि वृत्तपत्रे जुळविण्याचे काम झपाट्याने वाढले. छापणाऱ्याला हवी असतात देखणी अक्षरे, आणि तीही आजच. तेव्हा इंग्रजी अक्षरांच्या जागी देवनागरीचे तुकडे भरलेले टंक निघाले. कोठे अर्धा ‘ग’, कोठे काना, कोठे रफार. हे तुकडे शेजारी शेजारी ठेवले की पान सुरेख दिसे. पण आत साठलेली होती केवळ चित्रे. प्रत्येक टंकाचे तुकडे निराळ्या घरांत. म्हणून एका टंकात लिहिलेला मजकूर दुसऱ्यात उघडला की त्याची निरर्थक खिचडी होई. त्या वर्षांत मराठी आणि हिंदी मजकुराचा मोठा साठा अशा रीतीने जुळविला गेला. आज तो शोधावा म्हटले तर शोधता येत नाही. आधी जुना टंक ओळखावा लागतो, मग रूपांतर करावे लागते, आणि रूपांतरात चुका राहतात. छापील प्रत हाती असूनही संगणकातली प्रत मुकी, अशी अवस्था कित्येक ग्रंथांची झाली. चित्र साठवावे की वर्ण, हा कानपूरच्या प्रयोगशाळेतला प्रश्न वाटतो तितका पुस्तकी नव्हता, हे ह्यावरून दिसून येईल.

अखेर न्याय झाला, तो बाहेरच्या वाटेने. जगातल्या साऱ्या लिप्यांना एकाच संकेतात बसविण्याची ‘युनिकोड’ ही योजना १९९१च्या ऑक्टोबरात प्रसिद्ध झाली. तिने भारतीय लिप्यांची मांडणी करताना इस्कीचे १९८८चे रूप पुढ्यात ठेवले. लिप्यांना एकच सामाईक घर देण्याऐवजी प्रत्येकीला १२८ जागांचे स्वतंत्र दालन दिले. पण दालनातला क्रम तोच ठेवला. म्हणून आजही देवनागरीचा ‘क’ आपल्या दालनात ज्या जागी आहे, बरोबर त्याच जागी बंगालीचा ‘क’ बंगाली दालनात आणि तेलुगूचा तेलुगू दालनात आढळतो. वर्ण उच्चाराच्या क्रमाने साठवावयाचे, हलन्ताने जोडावयाचे, आकार यंत्राने काढावयाचा, हे सारे नियम कायम राहिले. मराठीचा आडवा र-कारसुद्धा इस्कीच्याच नियमाने लिहिला जातो. २००० साली निघालेल्या विंडोज प्रणालीने देवनागरी आपल्या अंगभूत सामर्थ्यात सामावून घेतली, आणि इन्स्क्रिप्टचा कळफलकही तीत आला. त्याबरोबर खाचेत बसविण्याच्या त्या कार्डाची गरज उरली नाही.

अभियंत्याच्या यशाची रीत ही अशीच असते. त्याचे काम जितके पक्के होते तितके ते दिसेनासे होते. तांबे ह्यांचे कार्ड आज वापरात नाही. इस्कीत मजकूर साठविणारेही आता विरळा. पण त्यांनी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी निवडलेला क्रम, भारतीय लिपीतले प्रत्येक नवे पान लिहिले जाताना, पाळला जात आहे.

ह्याला उज्जैनमध्येच एक दाखला सापडतो. डॉ. मेघनाद साहा ह्यांच्या अध्यक्षतेखालील समितीने देशाच्या पंचांगाची सुधारणा केली, आणि २२ मार्च १९५७पासून राष्ट्रीय दिनदर्शिका सुरू झाली. तिच्या गणितासाठी जे मध्यवर्ती स्थान धरले, त्याचे रेखांश साडेब्याऐंशी, म्हणजे भारतीय प्रमाणवेळेचे. जुनी मध्यरेषा त्या दिवशी सुटली. पण त्या स्थानाचे अक्षांश धरले तेवीस अंश अकरा कला, म्हणजे उज्जैनचे. नवे गणित मांडणाऱ्यांनी जुन्यातले जे टिकाऊ होते ते न बोलता जवळ ठेवले. अक्षरांच्या बाबतीतही तेच घडले आहे.